टेपचा कंडेन्सर

नगरच्या दुकानात मी ‘कंडेन्सर द्या’ म्हणाले, तेव्हा दुकानदाराने माझ्यापुढे पंख्याचा कंडेन्सर ठेवला. पंखा मंद फिरायला लागला की आपल्याकडे सगळे बदलतात तो, दोन वायरींचा. मी म्हणाले, हा नाही, बोलायचा पाहिजे. तो म्हणाला, “मॅडम, बोलणारा कंडेन्सर अजून आमच्याकडे आला नाही.” दुकानातली दोन गिऱ्हाइकं हसली. चूक माझीच होती, घाईत ‘माइक’ हा शब्द मी खाल्ला होता. पण मला राग पटकन येतो आणि तेव्हा तर नाकाच्या शेंड्यावरच असायचा. मी पर्समधून कागद काढला, त्यावर चित्र काढलं आणि तो त्याच्यासमोर आपटला. “असं सांगा ना, टेपचा कंडेन्सर!” म्हणत त्याने खालच्या खणातून एक पुडी काढली. त्यात शर्टाच्या बटणाएवढ्या, अ‍ॅल्युमिनियमच्या बारक्या डब्या होत्या. वरच्या बाजूला काळं फेल्ट, खालच्या बाजूला सोल्डरिंगचा डाग द्यायला दोन ठिपके. टेपरेकॉर्डरच्या कोपऱ्यात बारीक भोकांमागे बसलेला असतो तोच हा माइक. दोन वडापावच्या पैशांत एक आला. मी दोन घेतले, कारण पहिला मी जाळणार याची मला खात्री होती.

नव्वदीचं दशक संपत आलं होतं. मी आयटीआयला इलेक्ट्रॉनिक्स केलं होतं, वर्गात आम्ही दोनच मुली होतो, आणि ते करून मी नेवाशात एका कॉम्प्युटर क्लासमध्ये शिकवायला लागले होते. क्लास म्हणजे माडीवरची एक लांबट खोली, बाहेर चपला काढायच्या, आत चार कॉम्प्युटर आणि त्यांच्यावर झालरीची कव्हरं. आमच्या सरांनी त्यातल्या एका कॉम्प्युटरला नवं साऊंड कार्ड बसवलं होतं. ‘मल्टिमीडिया’ हा शब्द त्यांनी पाटीवर लाल रंगाने लिहून घेतला होता, आणि आता त्यातून काहीतरी धंदा निघायला हवा होता. जाहिरातीच्या कॅसेटी आपण इथेच रेकॉर्ड करू, ही कल्पना माझी. बोलायला माणूस माझ्या घरातच होता.

माझे वडील, आमचे आण्णा, माइकवर बोलायचे. तोच त्यांचा धंदा. रिक्षावर दोन कर्णे बांधायचे, मागच्या सीटवर बॅटरी आणि मशीन ठेवायची, मांडीत रुमाल गुंडाळलेला माइक घ्यायचा आणि नेवासा, कुकाणा, घोडेगाव असं दिवसभर फिरायचं. साड्यांचा सेल, तंबूतला सिनेमा, हरवलेलं पोर, हरवलेली म्हैस, उद्या नळाला पाणी नाही, सगळं आण्णा सांगायचे. चौदा एप्रिलच्या मिरवणुकीत तर सगळ्यात पुढे त्यांचीच रिक्षा. कडक इस्त्रीचा पांढरा शर्ट घातल्याशिवाय त्यांनी कधी माइक हातात घेतला नाही. आपल्याला रिक्षात कोण बघतंय, असं आई म्हणायची. आण्णा म्हणायचे, “मी बघतो ना.”

एक गंमत सांगायची तर त्यांच्या आवाजात दोन माणसं होती. घरात ते ‘पानी’, ‘कोन’, ‘न्हाई’ बोलायचे. माइक तोंडाला लागला की लगेच ‘पाणी’, ‘कोण’, ‘नाही’. एकही ण सुटायचा नाही. लहानपणी मला वाटायचं, ण माइकातच असतो, आण्णा नुसतं बटण दाबतात.

तर मी तो टेपचा कंडेन्सर आणला. रिकाम्या जाड स्केचपेनच्या नळीत बसवला, दोन ठिपक्यांना बारीक शिल्डेड वायर डागली आणि दुसऱ्या टोकाला जुन्या इयरफोनची पिन लावली. साऊंड कार्डाच्या मागे माइकच्या भोकात ती घातली. हॅलो म्हणाले. काही नाही. टिचकी मारली. काही नाही. फुंकर मारली. तरी काही नाही. सर म्हणाले, कंडेन्सर खराब असेल. मी दुसरा लावला, तोही मुका. दोन दिवस मी त्या नळीला शिव्या घालत होते. मग आयटीआयची वही काढली, आणि माझंच डोकं ठिकाणावर नव्हतं हे लक्षात आलं.

कंडेन्सर माइकच्या त्या डबीत एक पातळ पडदा असतो, प्लास्टिकचा, वर धातूचा मुलामा दिलेला. त्याच्यामागे केसभर अंतरावर एक चकती. कारखान्यातच त्या दोघांमध्ये थोडी वीज कायमची कोंडून ठेवलेली असते. आपण बोललो की पडदा थरथरतो, मधलं अंतर कमी-जास्त होतं आणि तेवढ्याने ती वीज हलते. पण ही हालचाल इतकी नाजूक, की वायरीतून हातभर पुढे जाईपर्यंत तिचा जीव जातो. म्हणून डबीच्या आतच एक इवलासा ट्रान्झिस्टर बसवतात, तो तिला उचलून धरतो. आणि त्या ट्रान्झिस्टरला बाहेरून दोन-तीन व्होल्ट वीज द्यावी लागते. ही वीज साऊंड कार्ड स्वतःच देतं, माइकच्याच भोकातून. पिनेचं टोक आवाजासाठी, मधलं कडं विजेसाठी, बूड अर्थसाठी. माझ्या जुन्या पिनेला मधलं कडंच नव्हतं. तिचं लांब बूड विजेच्या कड्याला टेकून सगळी वीज अर्थला घालवत होतं. म्हणजे मी माइकला जेवायला वाढायचं आणि ताट आपणच ओढून घ्यायचं, असं चाललं होतं.

मधलं कडं असलेली पिन आणली, टोक आणि मधलं कडं एकत्र करून माइकची वायर त्यांना डागली. तरीही आवाज नाही. तेव्हा कॉम्प्युटरच्या पडद्यावर व्हॉल्यूमच्या खिडकीत माइकखालच्या चौकोनात ‘म्युट’ची खूण दिसली. ती काढली आणि स्पीकरमधून अशी किंचाळी उठली, की वर्गातल्या मुलींनी कानांवर हात ठेवले. माझ्या आयुष्यात त्या किंचाळीइतका गोड आवाज मी कमी वेळा ऐकला आहे.

आण्णा बघायला आले. स्केचपेनची नळी उलटीसुलटी करून त्यांनी विचारलं, “ह्यो माइक?” मी त्यांना पडदा, चकती, ट्रान्झिस्टर असं सगळं सांगितलं. त्यांनी मन लावून ऐकलं आणि म्हणाले, “म्हंजे ह्याला चारा घालावा लागतो. आमचा बिनचाऱ्याचा हाय.” त्यांच्या माइकात लोहचुंबक आणि तारेचं वेटोळं होतं. आवाजाने वेटोळं हललं की त्यातूनच वीज तयार व्हायची, वरून काही द्यायला लागायचं नाही. पण त्याला ओठ टेकवून बोलावं लागे. तोंड वीतभर मागे घेतलं की त्याला ऐकू येणं बंद. म्हणून तर मिरवणुकीत एवढ्या ढोलताशात आण्णांचा आवाज स्वच्छ यायचा, आणि म्हणूनच माइकपासून तोंड बाजूला केलं की आपण खासगी बोलतोय असं ते धरून चालायचे. एकीकडे ‘बंधू आणि भगिनींनो’ चाललेलं असायचं, तेवढ्यात तोंड वळवून रिक्षावाल्याला “डावीकडं घे, येड्या” म्हणायचे, आणि पुन्हा ‘भगिनींनो’. गावाला फक्त भगिनी ऐकू यायच्या.

माझ्या माइकसमोर पहिल्यांदा बसल्यावर त्यांनी सवयीने नळी ओठांना टेकवली आणि छाती भरून ‘नमस्कार’ म्हटलं. कॉम्प्युटरवरची आवाजाची रेघ वरखाली दोन्हीकडे भिंतीला आपटली. ऐकलं तर नुसता फाटका पत्रा. मग मी भरतकामाच्या रिंगमध्ये जुनं मलमल ताणून माइकपुढे लावलं, म्हणजे प आणि फ चे धक्के लागणार नाहीत, नळी वीतभर लांब ठेवली आणि म्हणाले, आण्णा, घरात बोलता तसं बोला. ते म्हणाले, “घरात कुठं मी बोलतो?” ते खरंच होतं. दिवसभर गावाला सांगून आलेला माणूस घरात आल्यावर ताट पुढे ओढायचा आणि गप्प बसायचा. आई विचारायची, आज काय झालं, तर म्हणायचे, “सगळ्या गावाला सांगितलं की, तू न्हाई ऐकलं?”

दिवाळीच्या तोंडावर आमच्याकडे पहिलं मोठं काम आलं. टीव्ही, मिक्सर, पंखे विकणारे एक शेठ नवं दुकान टाकत होते. त्यांना चार रिक्षांवर एकाच वेळी वाजवायला कॅसेट हवी होती. शेठ माणूस हौशी. म्हणाले, “साधी जाहिरात नको. दवंडी पाहिजे. सुरुवातीला डफ, आणि मग ‘ऐका हो ऐका’. लोक हसले पाहिजेत, थांबले पाहिजेत.” सरांनी लगेच मान डोलावली. मीही डोलावली. घोडेगावच्या जनावरांच्या बाजारात, एवढ्या हंबरण्यात, साध्या नमस्काराकडे कोण लक्ष देणार होतं? आणि हे काम जमलं तर सर मला क्लासमधून काढून रेकॉर्डिंगचं वेगळं काम देणार होते. माझं स्वतःचं टेबल असणार होतं. मला ते टेबल हवं होतं, हे मी आज लपवत नाही.

मजकूर मी लिहिला. आण्णा पांढरा शर्ट घालून आले, खुर्चीत बसले, कागद वाचला. मग पेनाने पहिली ओळ खोडली आणि बाकीचं झक्कास वाचलं. एकही ण चुकला नाही. मी म्हणाले, आण्णा, पहिली ओळ राहिली. ते उठून दारापाशी गेले. माझ्या माइकपासून चांगले चार हात लांब. दाराच्या चौकटीला हात लावून, हळू आवाजात म्हणाले:

“बाकी काय बी सांग, बाई. पन ‘ऐका हो ऐका’ आपन म्हननार न्हाई.”

मी म्हणाले, तीन शब्द तर आहेत. ते म्हणाले, “व्हय. तीनच हायती.” आणि चहा प्यायला खाली गेले.

मला राग आला. थोडंफार मलाही माहीत होतं. आमचं घर छप्पन साली बौद्ध झालेलं. त्याआधी गावकीची कामं आमच्याकडे होती, आणि दवंडी आमचे आजोबा द्यायचे. धर्मांतरानंतर त्यांनी ते सोडलं. हलगीचं कातडं काढून टाकलं आणि आजीने त्या कड्याला जाळी ठोकून चाळण केली. माझ्या लहानपणापर्यंत आमच्या घरात बाजरी त्याच चाळणीने चाळली जायची. हे सगळं मी गोष्टीसारखं ऐकलं होतं. पण ते झालं आजोबांचं, चाळीस वर्षांपूर्वीचं. आण्णांनी तर आपल्या मर्जीने माइक धरला होता, मानाने, इस्त्रीच्या शर्टात. मग हे आता मध्येच काय? संध्याकाळपर्यंत कॅसेट द्यायची होती. मी चिडून कानांवर हेडफोन चढवले आणि आतापर्यंतचं रेकॉर्डिंग ऐकायला लागले.

शेवटी शेवटी मला पंख्याची घरघर ऐकू आली. खाली एसटीचा हॉर्न. खुर्ची सरकल्याचा आवाज. आणि मग, दारातून, चार हातांवरून, अगदी कानात बोलल्यासारखं: “बाकी काय बी सांग, बाई.”

मी रेकॉर्डिंग बंदच केलं नव्हतं. आण्णांच्या माइकला जे कधी ऐकू आलं नसतं, ते त्या वडापावच्या डबीने टिपलं होतं. ती काही तोंड बघत नाही, खोली ऐकते. आणि त्या वाक्याच्या मध्यावर ते तीन शब्द होते. स्वच्छ, मोकळे, आण्णांच्या आवाजात.

पुढे मी जे केलं त्याला पाच मिनिटंही लागली नाहीत. कार्डासोबत आलेल्या सीडीवर आवाज कापायचा-जोडायचा एक प्रोग्राम होता. आवाजाची रेघ पडद्यावर डोंगरांच्या रांगेसारखी दिसायची. त्यातले तीन डोंगर मी माऊसने धरले, कात्रीच्या चित्रावर दाबलं आणि जाहिरातीच्या फाइलीत अगदी सुरुवातीला चिकटवले. आवाज वाढवला. त्यांच्याआधी डफाचा तुकडा लावला. ऐकून बघितलं. कोणाला शंका येणार नाही इतकं बेमालूम झालं होतं. सर खूश झाले. शेठ आले, ऐकून टाळी वाजवली, आणि म्हणाले, सकाळी चार कॅसेटी तयार ठेवा. मी दोन्ही फाइली बंद केल्या. प्रोग्रामने इंग्रजीत काहीतरी विचारलं, मी ‘यस’ दाबलं आणि घरी गेले. त्या दिवशी मला स्वतःचं फार कौतुक वाटलं होतं. आज लिहिताना लाज वाटते.

सकाळी आण्णा माझ्याआधी क्लासच्या दारात उभे. आपलं काम ऐकल्याशिवाय बाहेर जाऊ द्यायचं नाही, ही त्यांची जुनी शिस्त. मी काहीतरी कारण काढायला हवं होतं, सुचलं नाही. त्यांनी खुर्ची ओढली, हेडफोन घातले. मी बटण दाबलं.

डफ वाजला असेल, त्यांच्या चेहऱ्यावर काही दिसलं नाही. पुढच्या क्षणी त्यांनी माझ्याकडे बघितलं. जाहिरात संपेपर्यंत ते तसेच बसून राहिले. मग हेडफोन काढून मांडीवर ठेवले आणि म्हणाले, “हे मी कवा म्हनलो?”

मी माऊसची वायर सरळ करत बसले.

“म्हनलो असन,” ते म्हणाले. “वय झालं. तोंडातून निघालं असन एखाद्या टायमाला.”

माझ्यावर ते ओरडले असते तर मीही ओरडले असते, आमच्या घरात मी एकटीच ओरडणारी होते. पण त्यांनी माझ्यावर संशयच घेतला नाही. मुलीच्या मशीनवर त्यांचा इतका भरवसा, की त्यांनी स्वतःच्या तोंडावर अविश्वास दाखवला. मी गप्प राहिले असते तर सगळं खपून गेलं असतं. मला रडू आलं. रडतच मी सांगितलं, की तुम्ही म्हणाला नाहीत, काल दारात उभे राहून ‘म्हणणार नाही’ म्हणालात, त्यातलं मी कापून घेतलं.

ते दाराकडे बघत राहिले. मग म्हणाले, “एवढ्या लांबून?”

“हो.”

“चांगला हाय माइक,” ते म्हणाले.

मग त्यांनी मला ते सांगितलं, जे मला आधी माहीत असतं तर मी कात्रीला हात लावला नसता, असं मला वाटतं. खात्रीने नाही सांगता येत. आजोबा दवंडी द्यायला निघाले की सात-आठ वर्षांचे आण्णा त्यांच्यामागे असायचे. गावातली पोरं दोघांच्या मागे नाचत ‘ऐका हो ऐका’ म्हणून चिडवायची. तीच पोरं शाळेत होती. पुढे आण्णांना नावच पडलं. वाटेत, ओढ्यावर, शाळेत, सगळीकडे त्यांना ‘ऐकाहो’ म्हणायचे. छप्पन उलटलं, हलगीची चाळण झाली, पण नाव काही सुटलं नाही.

“मास्तर बी हजेरी घेताना कधीमधी तेच म्हनायचे,” आण्णा म्हणाले. “आख्खा वर्ग हसायचा. आन मी ‘हजर’ म्हनायचो.”

एवढं सांगून त्यांनी शर्टाची बाही नीट केली. माइक तेव्हा बंद होता, मी बघून घेतलं होतं.

मी त्यांच्यासमोर ती जाहिरातीची फाइल पुसायला घेतली. प्रोग्रामने विचारलं, नक्की पुसू का, तेव्हा त्यांनी मला थांबवलं, माऊस स्वतःच्या हातात घेतला, बाण हळूहळू बटणापाशी नेला आणि दाबला. कॉम्प्युटरला त्यांनी हात लावलेला मी तेवढाच पाहिला.

मग म्हणाले, “लाव तुजा माइक. शेठ यायच्या आत करू.” रिंगेसमोर बसले, ओठ न टेकवता, शेजारच्या खाटेवरच्या माणसाशी बोलावं तसं त्यांनी सुरू केलं: “मंडळी, हातातलं काम चालू द्या. कान तेवढा इकडे द्या.” कागदावर हे नव्हतं. डफ नाही, ओरडणं नाही. एका दमात झालं.

शेठना ते आवडलं नाही. ‘मजा गेली’ म्हणाले. दिवाळी तोंडावर होती म्हणून कॅसेट घेतली, पण चारच्या जागी एकाच रिक्षावर लावली, आणि पुढच्या वर्षी नगरहून दुसऱ्याच माणसाकडून डफासकट करून आणली. सर माझ्याशी आठवडाभर धड बोलले नाहीत. टेबल काही मला मिळालं नाही. पण ती एक रिक्षा आमच्या गल्लीतून गेली, तेव्हा मी दारात उभी होते. समोरच्या काकू भांडी घासत होत्या. कर्ण्यातून आवाज आला, तशा त्या हात न थांबवता मान वळवून बघायला लागल्या, की आपल्याशी कोण बोलतंय. मला इतकं बरं वाटलं की ते मी आण्णांना दोनदा सांगितलं.

कॉम्प्युटरची हार्डडिस्क तेव्हा एवढीशी असायची. दहा-वीस मिनिटांचं रेकॉर्डिंग राहिलं की सर पुसा पुसा करत मागे लागायचे. आण्णांचं ते मूळ रेकॉर्डिंग पुसायच्या आधी मी साऊंड कार्डातून वायर काढून टेपला जोडली आणि ते कॅसेटवर उतरवून घेतलं. का, ते तेव्हा सांगता आलं नसतं. उतरवताना ऐकत होते. पंखा, हॉर्न, खुर्ची. मग आण्णा:

“बाकी काय बी सांग, बाई. पन आपन म्हननार न्हाई.”

मी रिवाइंड केलं. पुन्हा तेच. ‘पन’ आणि ‘आपन’च्या मध्ये पंख्याची घरघर किंचित अडखळते, बस. कॉपी करायच्या ऐवजी मी कात्री चालवली होती, आणि प्रोग्रामने विचारल्यावर न वाचता ‘यस’ म्हटलं होतं. शिकवताना मुलींना हजार वेळा सांगितलेली चूक मी स्वतः केली होती. जाहिरातीत चिकटवलेले ते शब्द आण्णांनी आपल्या हाताने पुसले. मूळ वाक्यातून मी कापले. आता ते त्यांच्या आवाजात कुठेच राहिले नव्हते.

आण्णांना जाऊन आता बरीच वर्षं झाली. त्यांच्या जाहिरातींच्या कॅसेटी लोकांकडे अजून सापडतात. सगळ्यांत तोच भरदार, ण न चुकणारा आवाज. घरातला, ‘पन’ आणि ‘न्हाई’वाला आवाज फक्त या एका कॅसेटवरच्या दोन-चार शब्दांत आहे. परवा माझ्या मुलीने स्वस्तातला एक कंडेन्सर माइक मागवला. आता त्याची वायर थेट यूएसबीत जाते, चारा आणि आवाज एकाच तारेतून. पिनेची कडी मोजायचं काम उरलेलं नाही. ती कॅसेट कॉम्प्युटरवर घ्यायला टेपला जोडायची वायर मला सापडेना, तेव्हा ती म्हणाली, कशाला पाहिजे, टेप लाव आणि त्याच्यासमोर हा माइक धर. आम्ही खोलीतला पंखा बंद केला. तरी कॅसेटमधला जुना पंखा फिरतच होता.

तिने डोळे मिटून ऐकलं. मग टेप मागे नेऊन पुन्हा ऐकलं.

“इथे काहीतरी तुटलंय,” ती म्हणाली. “आजोबा काय म्हणणार नाहीत? ते ऐकूच येत नाही.”

“तुटलेलं नाही,” मी म्हणाले. “ते म्हणालेच नाहीत.”